अहवाल निर्दोष, दुखणे खरे

दिवाळी सरून आठ-दहा दिवस झाले की आमच्या तालुक्याच्या गावी आम्लपित्ताचे रुग्ण वाढतात. डब्यांच्या तळाशी उरलेला फराळ, पहाटेची थंडी आणि लग्नसराईच्या तोंडावरची धावपळ या तिन्हींचा तो एकत्रित प्रसाद असतो. त्यामुळे त्या सकाळी एक आई आपल्या २३ वर्षांच्या मुलीला घेऊन आली आणि “मॅडम, हिला ॲसिडिटीचं काहीतरी द्या, महिना झाला नीट जेवत नाही,” असे म्हणाली, तेव्हा माझा हात सवयीने औषधाच्या चिठ्ठीकडे गेला होता. मग मी मुलीकडे नीट पाहिले आणि तिला वजनकाट्यावर उभे केले.

जुन्या केसपेपरवर जूनमधील नोंद होती : ५२ किलो. काटा आता ४६ दाखवत होता. नाडी मिनिटाला ९६. पहाटे तीनला जाग येते ती येतेच, घास तोंडातल्या तोंडात फिरतो, छातीवर कोणी पाटा ठेवल्यासारखे वाटते, एवढे तिने सांगितले. उरलेले सारे आईच सांगत होती. मुलगी खिडकीबाहेरच्या रिक्षा थांब्याकडे पाहत होती.

वजन इतके उतरलेले, छातीत धडधड, झोप नाही, अशा वेळी ‘मनाचे असेल’ म्हणून मोकळे होणे मला मान्य नाही. थायरॉइडची ग्रंथी गरजेपेक्षा अधिक काम करू लागली तरी हेच चित्र दिसते. क्षयरोग आपल्या देशात कोणत्याही वयात, कोणत्याही घरात दबक्या पावलांनी येतो. मधुमेह तरुणांनाही होतो. म्हणून रक्त तपासले, छातीचा एक्स-रे आणि ईसीजी काढला. दोन दिवसांनी अहवाल आले. हिमोग्लोबिन १०.४ होते. स्त्रियांत ते १२ च्या खाली गेले की त्याला रक्तक्षय म्हणतात. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत, म्हणजे २०१९-२१ मध्ये, १५ ते ४९ वर्षे वयाच्या भारतीय स्त्रियांपैकी ५७ टक्के स्त्रियांमध्ये तो आढळला. त्यामुळे असा आकडा पाहून आता कोणी दचकत नाही, हे वेगळेच दुखणे. बाकी सर्व निर्दोष होते.

“म्हणजे काही नाही ना?” आईने विचारले.

‘काही नाही’ हे दोन शब्द आमच्या व्यवसायात फार स्वस्त झाले आहेत. आम्ही ते दिलासा म्हणून उच्चारतो. समोरच्या माणसाला मात्र ते ‘तू उगाच करतेस’ असे ऐकू येतात. मी आईला म्हणाले, “ताई, पाळीबद्दल तिच्याशी दोन गोष्टी बोलायच्या आहेत. पाच मिनिटे बाहेर बसता का?” मुलीला एकटीला बोलते करायचे असेल तर हे निमित्त कोणत्याही आईला पटते. पाळीची चौकशी मी खरोखरच केली. ती नियमित होती. मग विचारले, “आणि दुखतं कुठे?”

बराच वेळ ती काही बोलली नाही. मग म्हणाली, “त्याचं लग्न ठरलंय, मॅडम. माझ्याशी नाही.”

पुढे जे लिहिते आहे ते तिच्या आणि तिच्या आईच्या संमतीने. दोघींनी ती वेगवेगळ्या वेळी दिली. नोकरी, तारखा आणि ओळखीच्या इतर खुणा मी बदलल्या आहेत. हकिगतीचा गाभा बदललेला नाही, आणि तो बदलण्याची गरजही नाही, कारण अशा हकिगती गावोगाव एकमेकींसारख्याच असतात. महाविद्यालयात जुळलेली चार वर्षांची ओळख. मुलाच्या घरी जातीवरून नकार. मुलाने पंधरा दिवस अबोला धरला, सोळाव्या दिवशी मान तुकवली. दसऱ्याला साखरपुडा झाला. नवरी आमच्याच गावची. त्यामुळे ११ डिसेंबरचे लग्न गावातल्या कार्यालयात, आणि त्या कार्यालयाचा रस्ता या मुलीच्या घरावरून जाणारा. ती एका पतसंस्थेत कारकून होती. लग्नाची पत्रिका तिच्या टेबलावरच आली होती, कारण नवरीचे वडील संस्थेचे सभासद. ती पत्रिका तिनेच आवक वहीत नोंदवून वरिष्ठांकडे पाठवली होती.

“मला वेड लागतंय का?” हा तिचा पहिला प्रश्न. तो रडण्यातून आला नव्हता. तिला खरोखर उत्तर हवे होते. म्हणून मी शरीरापासून सुरुवात केली.

धोका जाणवला की मेंदूतील हायपोथॅलॅमस हा भाग मूत्रपिंडांवर टोपीसारख्या बसलेल्या अधिवृक्क ग्रंथींना इशारा देतो. ॲड्रिनॅलिन आणि कॉर्टिसॉल रक्तात उतरतात, हृदय जोराने चालू लागते, रक्त स्नायूंकडे वळते आणि पचनाचे काम मागे पडते. समोर वाघ असता तर हे सारे पाच मिनिटांच्या पळण्यात खर्ची पडले असते. येथे वाघ मनात आहे आणि तो दिवसभर तेथेच बसून आहे. पळायचे कोठे? म्हणून घास फिरतो. कॉर्टिसॉल उत्तररात्री निसर्गतःच वाढू लागते. त्यात ताणाची भर पडली की झोप पातळ होते आणि पहाटे तीनला डोळे उघडतात. अमेरिकेतील संशोधक हेलन फिशर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१० साली नुकताच नकार सोसलेल्या १५ जणांच्या मेंदूची प्रतिमा-तपासणी केली. ज्याने नाकारले त्याचे छायाचित्र समोर येताच त्यांच्या मेंदूतील जे भाग सक्रिय झाले, त्यांत कोकेनच्या तलफेशी निगडित असलेले भागही होते. पुढच्याच वर्षी ईथन क्रॉस यांच्या गटाने प्रेमसंबंध तुटलेल्या ४० जणांना एकदा छायाचित्र दाखवले आणि एकदा हाताला चटका बसल्यासारखी उष्णता दिली. दोन्ही वेळी मेंदूतील काही समान भाग जागे झालेले दिसले. तेव्हा वर्तमानपत्रांनी ‘मनाची आणि शरीराची वेदना एकच’ असे छापून टाकले. २०१४ मध्ये अधिक बारकाईने पाहिले तेव्हा जागा त्याच असल्या तरी त्यांतील हालचालीची नक्षी निराळी असल्याचे आढळले. एका वाड्यात दोन बिऱ्हाडे असावीत तसे ते आहे. मला स्वतःला हा दुसरा निष्कर्ष अधिक पटतो. कोणालाही चटका आणि विरह यांत फरक कळतोच. पण दोन्ही खरे असतात.

तिने सगळे शांतपणे ऐकले आणि विचारले, “काळीज खरंच फाटतं का?”

फाटत नाही, पण क्वचित फुगते. जपानी डॉक्टरांनी १९९० साली अशा एका विकाराचे वर्णन प्रसिद्ध केले. तीव्र धक्क्यानंतर हृदयाचा डावा कप्पा तात्पुरता दुबळा होऊन ऑक्टोपस पकडण्याच्या अरुंद तोंडाच्या मडक्यासारखा दिसतो, म्हणून त्याला त्या मडक्याचेच जपानी नाव मिळाले : ताकोत्सुबो. तो प्रामुख्याने पाळी गेलेल्या स्त्रियांत आढळतो आणि बहुतेक रुग्णांचे हृदय काही आठवड्यांत पूर्ववत होते. तिच्या वयात तो दुर्मीळ, आणि तिचा ईसीजी स्वच्छ होता. मात्र जाता जाता एक सांगून ठेवते. छातीत दुखते म्हणणाऱ्या कोणत्याही वयाच्या स्त्रीला ‘टेन्शन घेऊ नका’ एवढेच सांगून, ईसीजी न काढता घरी पाठवू देऊ नका. ‘बाईमाणसाचे असेल काहीतरी’ या समजुतीने अनेकींचा हृदयविकार उशिरा कळतो.

शरीराचे झाले. शोकाचे काय करायचे, हे अधिक अवघड आहे.

आपल्याकडे शोकाला रीत आहे. घरात मृत्यू झाला की चूल पेटत नाही, शेजारून पिठले-भाकरी येते, भेटायला येणारी माणसे दारात चप्पल काढतानाच डोळे पुसतात. दहा दिवस कोणी कामाला जा म्हणत नाही. त्या रीतीत पुष्कळ पोकळ आहे. पण दुःख झालेल्या माणसाला दुःखी असण्याची परवानगी ती देते. प्रेमभंग झालेल्या मुलीला पिठले-भाकरी कोण आणणार? तिचे नातेच कोणाला ठाऊक नव्हते, मग ते तुटल्याचे कोणाला कळणार? अमेरिकेतील शोकाभ्यासक केनेथ डोका यांनी १९८९ मध्ये समाजाची मान्यता नसलेल्या अशा शोकावर पुस्तकच संपादित केले. गर्भपात झालेली स्त्री, जाहीर न केलेल्या नात्यातला जोडीदार, घटस्फोटित नवऱ्याच्या निधनाने हललेली बायको हे सारे या शोकाचे धनी. रडण्याचा हक्कच नाही, तेव्हा ते रडणे आम्लपित्त होऊन दवाखान्यात येते. मुलग्यांचे रडणे तर तेथेही येत नाही. ते बहुधा बाटलीकडे वळते आणि घरचे म्हणतात, संगत बिघडली.

यानंतरचा प्रश्न विचारण्यासाठी मला आजही धीर गोळा करावा लागतो. वीसएक वर्षांपूर्वी, दवाखाना नवा होता तेव्हा, अशीच एक मुलगी अशाच तक्रारी घेऊन आली होती. मी पाच मिनिटांत तिला झोपेच्या गोळ्यांची चिठ्ठी लिहून दिली आणि हसून म्हटले, “लग्न झालं की सगळं जागेवर येईल.” दोन दिवसांनी तिने त्या गोळ्यांचा करू नये तो उपयोग केला. वेळेत उपचार मिळाले म्हणून ती वाचली. तिच्या वडिलांनी मला एका शब्दाने दोष दिला नाही. ते फक्त उरलेले पाकीट परत द्यायला आले होते. तेव्हापासून दोन नियम पाळते. अशा अवस्थेतील रुग्णाच्या हाती झोपेच्या गोळ्या देत नाही; आणि तो प्रश्न विचारल्याशिवाय कोणाला उठू देत नाही.

विचारल्याने तसा विचार नव्याने डोक्यात शिरतो, ही समजूत अभ्यासांनी खोटी ठरवली आहे. विचारावे, आणि आडवळणाने विचारू नये. मी तिला विचारले, “जीव द्यावासा वाटतो का?”

“मरावंसं नाही वाटत,” ती म्हणाली. “पण सकाळी जागच येऊ नये असं वाटतं.”

“आणि अकरा तारखेला?”

या प्रश्नाला मात्र उत्तर आले नाही. म्हणून आम्ही तारखेचाच विचार करायला बसलो. त्या दिवशी तू कुठे असशील? सोबत कोण असेल? बँड वाजू लागला तर कोणत्या खोलीत बसशील? रात्री सहन होईनासे झाले तर पहिला फोन कोणाला? तिने पतसंस्थेतल्या एका मैत्रिणीचे नाव सांगितले. फोनमध्ये १४४१६ हा क्रमांकही मी तिच्याकडून जतन करून घेतला. ऑक्टोबर २०२२ पासून केंद्र शासनाने चालवलेली ही टेली-मानस सेवा आहे. चोवीस तास, विनामूल्य, आणि मराठीतून बोलता येते. मी तिला असेही स्पष्ट सांगितले की, तू सज्ञान आहेस, येथे बोललेले तुझ्या आईलाही मी सांगणार नाही. फक्त तुझ्या जिवाला धोका आहे असे मला वाटले, तर सांगेन आणि आधी तुला कळवून सांगेन. मानसिक आरोग्यसेवा कायदा २०१७ मध्ये गोपनीयतेचा हक्क आहे आणि त्याचे अपवादही आहेत. आत्महत्येचा प्रयत्न केलेल्या माणसाला शिक्षेची नव्हे तर उपचाराची गरज असते, अशीच त्या कायद्याची भूमिका आहे. हे ठाऊक नसल्याने पोलिसांच्या भीतीने रुग्णाला दवाखान्यात न आणणारी घरे मी पाहिली आहेत.

औषध म्हणून तिला मिळाल्या त्या केवळ लोहाच्या गोळ्या. लिंबूपाण्याबरोबर घ्यायच्या, चहाच्या आसपास नाही. एका मानसोपचारतज्ज्ञ मैत्रिणीशी फोनवर बोलून घेतले. दोन आठवड्यांहून अधिक काळ, जवळजवळ रोज आणि दिवसाचा बहुतेक वेळ मन उदास राहिले, कशातच रस उरला नाही, झोप-भूक-एकाग्रता ढासळली आणि कामही होईनासे झाले, तर ते नैराश्य धरावे आणि त्यावर रीतसर उपचार करावेत. जिल्हा रुग्णालयात मानसोपचार विभाग असतो, तेथे जाण्यात कमीपणा नाही. ही मुलगी त्या सीमेच्या अगदी जवळ होती. पण कामावर जात होती, मैत्रिणीशी बोलत होती. आम्ही ठरवले : दर आठवड्याला भेट, वजन उतरत राहिले किंवा तो विचार बळावला तर त्याच दिवशी तज्ज्ञाकडे.

आणि एक वही. या वहीविषयी जरा सविस्तर लिहावेसे वाटते.

मन मोकळे करण्यासाठी लिहावे, हा सल्ला सर्वत्र मिळतो, आणि त्याला आधारही आहे. जेम्स पेनेबेकर यांनी १९८० च्या दशकात विद्यार्थ्यांना सलग चार दिवस, रोज १५ मिनिटे आपल्या सर्वांत क्लेशदायक अनुभवाविषयी लिहायला लावले. पुढील काही महिन्यांत ते विद्यार्थी इतरांच्या तुलनेत दवाखान्यात कमी वेळा गेले. पुष्कळ लोकांना असे लिहिणे मानवते. मात्र २०१३ साली डेव्हिड स्बारा यांच्या गटाने नुकत्याच विभक्त झालेल्या दांपत्यांतील व्यक्तींवर अभ्यास केला, तेव्हा एक अनपेक्षित गोष्ट दिसली. जे लोक मुळातच ‘असे का झाले’ हे सतत घोळवत होते, त्यांना भावनांविषयी लिहायला लावल्यावर त्यांचे सावरणे लांबले. त्याच स्वभावाच्या ज्या लोकांना ‘दिवसभरात काय केले ते फक्त लिहा, भावना नको’ असे सांगितले होते, ते अधिक चांगले सावरले. रवंथ करणाऱ्याच्या हाती आणखी चारा देऊ नये, एवढाच याचा अर्थ.

या मुलीने मला पहिल्याच भेटीत सांगितले होते की, त्याला लिहिलेली, न पाठवलेली ४० पानांची पत्रे तिच्या कपाटात आहेत. म्हणून मी तिला म्हणाले, “पत्रे पुरेत. पतसंस्थेत खतावणी लिहितेस ना, तशी वही लिही. उठलीस किती वाजता. काय खाल्लंस. कुठे चालत गेलीस. कोणाशी बोललीस. झोप किती. ‘वाटलं’ हा शब्द वहीत नको.”

ती पहिल्यांदा हसली. “म्हणजे रोजकीर्द.”

पहिल्या आठवड्यातील नोंदी रोजकीर्दीसारख्याच कोरड्या होत्या. ‘उठले ३.२०. पडून राहिले ६ पर्यंत. चहा २, खारी २. दुपारी डबा अर्धा परत. झोप ४ तास.’ मी सुचवले ते फार किरकोळ होते. जाग केव्हाही येवो, अंथरूण ठरलेल्या वेळी सोडायचे. सकाळी उन्हात वीस मिनिटे चालायचे. ताटभर जेवण डोळ्यांसमोर आले की जीव घाबरा होतो, म्हणून दर तीन तासांनी वाटीभर काहीतरी : मुगाची मऊ खिचडी, दहीभात, शेंगदाण्याचा लाडू, केळे. दुपारी चारनंतर चहा नको. अशा साध्या गोष्टी सांगताना डॉक्टरलाच संकोच वाटतो, जणू आपण फी फुकट घेतली. पण उपाशी आणि जागरणाने पोखरलेल्या शरीरात कोणतेही दुःख दुप्पट दिसते, हे मी इतक्यांदा पाहिले आहे की तो संकोच आता सोडला आहे.

फोनचे काम मात्र किरकोळ नव्हते. दिवसातून किती वेळा त्याचे स्टेटस पाहतेस, असे विचारले तेव्हा ती ‘पाच-सहा’ म्हणाली. एक दिवस रेघा मारून मोजायला सांगितले. ३८ रेघा निघाल्या. तलफेची गोष्ट आधी सांगितलीच आहे. कधी काही दिसते, कधी दिसत नाही, अशा अनिश्चित बक्षिसाने सवय सर्वांत घट्ट बसते, बी. एफ. स्किनर यांनी हे कबुतरांवर दाखवून दिले आणि जुगाराचे सारे अड्डे त्यावर चालतात. तोडलेल्या माणसाच्या समाजमाध्यमांवर नजर ठेवणाऱ्यांचे दुःख अधिक आणि ओढही अधिक राहते, असे ब्रिटनमधील एका अभ्यासात २०१२ साली आढळले होते. तरीही ‘सगळे फोटो आजच्या आज पुसून टाक’ असे मी सांगत नाही. रागाच्या भरात पुसलेल्या गोष्टीसाठी रात्री दोन वाजता माणूस वेडापिसा होतो. तिने सर्व छायाचित्रे एका पेनड्राइव्हमध्ये घातली, तो मैत्रिणीकडे दिला, फोनमधली काढून टाकली आणि त्याचा क्रमांक दृष्टीआड केला. ‘वर्षभर मागितलास तरी देणार नाही,’ असे त्या मैत्रिणीने तिला बजावले. अशी एक खमकी मैत्रीण असणे हे माझ्या औषधांपेक्षा मोठे भाग्य.

तिसऱ्या आठवड्यात आई एकटी आली. रक्तदाब बघायचा आहे म्हणाली. तो १३४/८६ होता. बाहीचे बटण लावता लावता ती म्हणाली, “मॅडम, तिनं तुम्हाला सांगितलं असेल. मी विचारत नाही. मला माहीत आहे, एवढंच सांगायला आले.”

मी गप्प राहिले. मला तेवढेच शक्य होते.

दोन वर्षांपूर्वी मुलीने आईच्या फोनवरून कोणाला तरी फोन लावला होता. तो नंबर राहून गेला. मग एकदा बाजारात रसवंतीच्या बाकावर आईने दोघांना पाहिले. “चांगला वाटला हो मुलगा. तिच्या ग्लासातला बर्फ काढून आपल्या ग्लासात घालत होता. तिचा घसा लगेच बसतो ना.”

“मग तुम्ही तिच्याशी बोलला का नाहीत?”

“बोलले असते तर तिच्या बाबांना सांगावं लागलं असतं. न कळल्यासारखं केलं, म्हटलं चार दिवस सुखात राहील.” थोड्या वेळाने ती म्हणाली, “आता कोणत्या तोंडानं जवळ घेऊ?”

मुलगी आईपासून प्रेम लपवत होती, आई मुलीपासून आपले ठाऊक असणे लपवत होती, आणि एका टेबलाच्या अलीकडे बसून दोन्ही गुपिते माझ्याजवळ जमा झाली होती. एकीचे दुसरीला सांगण्याचा अधिकार मला नव्हता. आईला मी सांगितले ते कोणत्याही घराला सांगितले असते. ‘विसर आता’ म्हणू नका. विसरणे हे हुकमाने होत नाही. त्या मुलाला किंवा त्याच्या घरच्यांना शिव्या घालू नका; तिने चार वर्षे ज्याला निवडले त्याला वाईट म्हणणे म्हणजे तिच्या पारखेलाच वाईट म्हणणे होय. प्रश्न विचारू नका. जवळ असा. भाजी निवडायला तिला बोलवा, डोक्याला तेल लावा, रात्री एकाच खोलीत झोपा. बोलायचे असेल तेव्हा ती बोलेल.

मग तिने खरी अडचण सांगितली. एक स्थळ आले होते. वडिलांना घाई होती, आणि आत्याचे म्हणणे होते की, लग्न झाले की पोरी सुतासारख्या सरळ होतात. वीस वर्षांपूर्वीचे माझेच वाक्य, निराळ्या शब्दांत. लग्न हा प्रेमभंगावरचा उपचार नाही. त्यात एका दुःखी माणसाच्या जागी दोन होतात, आणि दुसऱ्याला तर आपण कशाचे औषध म्हणून आणले गेलो हेही ठाऊक नसते. मी त्या संध्याकाळी वडिलांना बोलावून घेतले आणि हिमोग्लोबिनचा अहवाल त्यांच्यापुढे ठेवला. “रक्त कमी आहे, वजन सहा किलोंनी उतरलंय. निदान सहा महिने लग्नाचा विषय नको.” कागदावरचा तांबड्या शाईतला आकडा पाहून त्यांनी तो लगेच मानला. मी सांगितले ते खोटे नव्हते, पूर्णही नव्हते. वाचकांनी याबद्दल मला दोष दिला तर मी तो घेईन. पण मुलीचे मन मोडले आहे या कारणाला जेथे किंमत नाही, तेथे रक्तातल्या एका आकड्याच्या आड तिला सहा महिने मिळत असतील, तर तो आकडा मी पुन्हा वापरीन.

१४ डिसेंबरला मुलगी ठरल्याप्रमाणे आली. वही टेबलावर ठेवली आणि स्वतः काट्यावर जाऊन उभी राहिली. ४७ किलो २०० ग्रॅम. मी अकरा तारखेचे पान काढले.

‘उठले ४.५०. आई म्हणाली, नरसोबाच्या वाडीला जायचंय, आजीचा नवस राहिलाय. रजा तिनेच माझ्या साहेबांना फोन करून मागितली. ६.३० ची एसटी. घाटावर बसलो. पाणी थंड. दुपारी प्रसादाचे जेवण, पूर्ण. कवठाची बर्फी, १ तुकडा. परतताना आईने सांगलीत उतरून दोन तास भांड्यांची दुकाने पाहिली. काही घेतले नाही. घरी रात्री ९.४०. दारासमोर रस्त्यावर झेंडूच्या पाकळ्या. आईने माझ्या आधी जाऊन झाडल्या. डोक्याला तेल लावले. दोघी काही बोललो नाही. झोप ६ तास.’

त्याखाली, ओळ सोडून : ‘आजीला जाऊन सहा वर्षे झाली. नवस कोणता, ते विचारले नाही.’

मी वही मिटून परत दिली. लोहाच्या गोळ्या आणखी महिन्याभराच्या लिहिल्या, पुढच्या भेटीची तारीख लिहिली. दारापर्यंत गेलेली ती परत वळली.

“मॅडम, आईचं बीपी एकदा बघाल का? ती स्वतःहून काही सांगत नाही.”